मधल्या चोराच्या खांद्यावरची चांदणी

मे महिन्यातलं लग्न. सौसरजवळचं एक खेडं. सप्तपदी आटोपली तेव्हा रात्रीचे दहा वाजत आले होते. गुरुजींनी नवरदेव-नवरीला मांडवाबाहेर आणलं, उत्तरेकडे तोंड करून उभं केलं आणि बोट वर करून विचारलं, "अरुंधती दिसली?" मांडवावर हॅलोजनचे दिवे भगभगत होते, जनरेटर धडधडत होता, मागे पंगतीची घाई चालली होती. नवरीने मान वर केली, डोळे मिचकावले आणि म्हणाली, "दिसली." नवरदेवही म्हणाला, "दिसली." गुरुजी पुढच्या विधीला लागले.

नवरी माझी पुतणी. तिला काहीच दिसलं नव्हतं हे मला तिच्या चेहऱ्यावरूनच कळलं. त्या उजेडात कोणालाच काही दिसलं नसतं. आपल्याकडे "दिसली" म्हणायची रीत पडून गेली आहे. पण नेमक्या त्या घटकेला अरुंधती खरोखर तिथेच होती, गुरुजींच्या बोटाच्या नेमात, उत्तरेकडे अर्ध्याहून जास्त आभाळ चढून आलेली. मध्य प्रदेशातली पांढुर्णा आणि सौसर ही आमची गावं साधारण साडेएकवीस अंश उत्तर अक्षांशावर आहेत. मेच्या मध्याला रात्री दहाच्या सुमारास वसिष्ठ आणि अरुंधती ही जोडी आपल्याकडे उत्तर क्षितिजापासून जवळजवळ सत्तावन्न अंशांवर असते. वर्षभरात त्यांना पाहायची याहून सोयीची वेळ नाही. लग्नसराई आणि अरुंधती यांची गाठ अशी आपसूक पडलेली आहे. फक्त दिवे मालवायला हवेत.

या लेखात त्याच जोडीची ओळख करून द्यायची आहे. कल्पित विश्वाच्या कादंबऱ्यांत आणि सिनेमांत दोन सूर्यांची जगं असतात, त्या सूर्यांच्या दंतकथा असतात, त्यांच्या नावाने शपथा घेतल्या जातात. आपल्याला तसं जग नव्याने रचायची गरज नाही. दोन खरे तारे आहेत आणि त्यांच्यावर माणसांनी हजारो वर्षं रचलेल्या गोष्टी आहेत. शिवाय पुढे दुर्बिणीने जे दाखवलं, ते कोणत्याही गोष्टीत नव्हतं.

बाजलं आणि तीन चोर

माझी अरुंधतीशी पहिली ओळख लग्नात झाली नाही, ती जागलीत झाली. पौषात तूर आणि हरभरा उभा असला की रानडुकरं आणि रोही शेतात शिरतात. मग रात्रभर माळ्यावर बसून राखण करावी लागते. लहानपणी एकदा आजासोबत गेलो होतो. थंडी मी म्हणत होती. रात्री नऊच्या पुढे ईशान्येकडून चार चांदण्यांचा एक चौकोन वर सरकू लागला. आजा म्हणाला, "थे पाय, बाजलं निंगालं." अकरापर्यंत त्याच्यामागून एकामागोमाग तीन चांदण्या आल्या. "अन् हे तीन चोर. बाजल्याच्या मागं लागले, पण त्यायच्या हाती लागत नाही."

बाजलं म्हणजे खाट. चार खुरांचं, सुतळीनं विणलेलं. पुस्तकातले सप्तर्षी ते हेच, हे मला फार उशिरा कळलं, कारण शाळेत ते हिंदीतून भेटले आणि घरात वऱ्हाडी-नागपुरीतून. आमच्या भागात असं पुष्कळदा होतं. राज्य मध्य प्रदेश, शाळेची भाषा हिंदी, चुलीपाशी मराठी. त्यामुळे एकाच चांदणीला दोन नावं मिळतात आणि ती दोन नावं एकमेकांना ओळखतही नाहीत.

बाजल्याची ही कल्पना एकट्या कुणब्यांची नाही. गोंडांच्या आभाळातही याच चार ताऱ्यांची खाट आहे. मयंक वाहिया आणि गणेश हलकारे यांनी विदर्भातल्या गोंड वस्त्यांमध्ये जाऊन त्यांचं ताऱ्यांचं ज्ञान गोळा केलं आणि २०१३ मध्ये त्यावर संशोधनलेख प्रसिद्ध केला. सातपुड्याच्या दोन्ही अंगांना गोंड आणि मराठी माणूस पिढ्यान्‌पिढ्या शेजारी राहत आले. कोणी कोणाकडून ही खाट उसनी घेतली हे ठरवत बसण्यात अर्थ नाही. ज्यांना रात्रभर जागं राहावं लागतं त्यांना आभाळात आधी खाट दिसावी, यात मात्र फार मोठं सत्य आहे.

गोष्टीला निरीक्षणाचा पायाही आहे. बाजलं आधी उगवतं, चोर मागून उगवतात. बाजलं आधी मावळतं, चोर मागून मावळतात. रात्रभर पाठलाग होतो आणि अंतर कधी तुटत नाही. आजा त्यावरच वेळ ओळखायचा. पौषात बाजलं उत्तरेकडे पुरतं चढून आलं की पहाट झाली, आता घरी जायला हरकत नाही.

त्या रात्री आजाने एक गोष्ट आणखी विचारली. "मधल्या चोराच्या खांद्यावर बारीकशी चांदणी दिसते का?" मी डोळे ताणून पाहिलं. आधी दिसली नाही. मग नजर जराशी बाजूला नेली आणि ती दिसली, दिव्याशेजारच्या ठिणगीसारखी. "दिसते," म्हणालो. आजा खूश झाला. "मंग तुहे डोये चांगले हायेत."

मधला चोर म्हणजे वसिष्ठ. खांद्यावरची ती ठिणगी म्हणजे अरुंधती.

एकटी मागे राहिलेली ऋषिपत्नी

ऋषींची नावं घेऊन पाहिलं तर बाजल्याचे चार खूर म्हणजे क्रतू, पुलह, पुलस्त्य आणि अत्री; आणि तीन चोर म्हणजे अंगिरा, वसिष्ठ आणि मरीची. सात ऋषी, मग सात ऋषिपत्नी हव्यात. पण आभाळात नवऱ्याशेजारी फक्त एकच दिसते. बाकीच्या सहा कुठे गेल्या?

महाभारताच्या वनपर्वात याची गोष्ट आहे. अग्नीचं मन सप्तर्षींच्या पत्नींवर गेलं. दक्षकन्या स्वाहेचं प्रेम अग्नीवर होतं. तिने एकेका ऋषिपत्नीचं रूप घेतलं आणि अग्नीला भेटली. सहा रूपं तिला घेता आली, पण अरुंधतीचं रूप तिला घेता आलं नाही. अरुंधतीचं तप आड आलं. त्यातून स्कंदाचा जन्म झाला. लोकांमध्ये कुजबुज सुरू झाली आणि काहीही दोष नसताना सहा ऋषींनी आपल्या बायकांना टाकून दिलं. त्या सहाजणी स्कंदाकडे गेल्या, त्याच्या माता झाल्या आणि आभाळात कृत्तिका होऊन बसल्या.

कृत्तिकांचा पुंजका साध्या डोळ्यांना सहा ताऱ्यांचाच दिसतो आणि तो सप्तर्षींपासून दूर आहे. म्हणजे ज्याने ही गोष्ट रचली त्याच्या डोळ्यांसमोर आभाळाचा नकाशा होता: इथे सात, तिथे सहा, आणि सातांतल्या एकाशेजारी एक. या तीन आकड्यांचा मेळ घालणारी कथा त्याने शोधली. आपण तिला पतिव्रतेची कथा म्हणून ऐकत आलो. मला ती वाचताना दरवेळी त्या टाकलेल्या सहाजणींचं वाईट वाटतं. आणि इतक्या जुन्या काळी कोणीतरी ती बारीक चांदणी इतकी नीट पाहिली होती, याचं नवलही तितकंच वाटतं.

दोघांच्या गोष्टीची पकड किती घट्ट असते हे पांढुर्ण्याच्या माणसाला वेगळं सांगायला नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या दोन काठांवर, पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यात, गोटमार होते. नदीच्या पात्रात पळसाचं झाड रोवतात, त्यावर झेंडा असतो, आणि दोन्हीकडून दगड चालतात. त्यामागे सांगितली जाते ती एका जोडप्याची कथा: पांढुर्ण्याचा मुलगा, सावरगावची मुलगी, दोघं पळून जाताना नदीत अडकले आणि दोन्ही काठांवरच्या दगडांनी मेले. या कथेपायी आजही दरवर्षी माणसं रक्तबंबाळ होतात. पोळा अमावास्येला येतो. त्या संध्याकाळी आभाळ मोकळं असलं तर आठच्या सुमारास वायव्येला, क्षितिजापासून चोवीसेक अंशांवर, वसिष्ठ आणि अरुंधती मावळतीकडे झुकलेले दिसतात. दुसऱ्या दिवशी हातात दगड घेणाऱ्या प्रत्येकाने आदल्या रात्री त्या जोडीकडे एकदा पाहावं, असं मला मनापासून वाटतं.

आधी मोठी, मग बारीक

अरुंधती दाखवायची एक जुनी युक्ती आहे. ती एकदम दिसत नाही. म्हणून दाखवणारा आधी शेजारचा ठळक तारा दाखवतो आणि म्हणतो, ही अरुंधती. समोरच्याची नजर तिथे पक्की बसली की म्हणतो, ही नव्हे; हिच्या अगदी जवळ, बारीक दिसते ना, ती. या युक्तीला संस्कृतात अरुंधती न्याय म्हणतात. शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रांवरच्या भाष्यात तिचा दाखला दिला आहे: स्थूलावरून सूक्ष्माकडे, सोप्यावरून अवघडाकडे. फांदीच्या आडून चंद्र दाखवायचा शाखाचंद्र न्याय हा तिचाच भाऊ.

नजरेचा हा खेळ जगभर चालला. अरबांनी अरुंधतीला सुहा म्हटलं आणि तिच्यावर डोळ्यांची पारख केली. युरोपात ठळक ताऱ्याला घोडा आणि बारीक ताऱ्याला स्वार म्हणत. जपानमध्ये समज होता की ज्याला हा तारा दिसत नाही तो वर्ष काढत नाही. आपल्याकडेही तसंच सांगतात, की अरुंधती दिसेनाशी झाली म्हणजे काळ जवळ आला. म्हातारपणी नजर मंदावते, आधी बारीक चांदण्या जातात, आणि पुढे माणूसही जातो. हजारो मैलांवरच्या दोन समाजांनी एकाच अनुभवातून एकच समजूत बांधली. आज चष्मा आहे, मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे. चांदणी दिसली नाही तर घाबरायचं कारण नाही, डोळ्यांच्या डॉक्टरकडे जायचं.

खरं तर या दोघांमधलं अंतर डोळ्याला फारसं अवघड नाही. ते सुमारे १२ कला आहे. पौर्णिमेच्या चंद्राची रुंदी ३० कलांच्या आसपास भरते, म्हणजे चंद्रबिंबाच्या दोन-पंचमांश. निरोगी डोळा एका कलेपर्यंतचा फरक ओळखू शकतो. अडचण असते ती उजेडाची. वसिष्ठ अरुंधतीपेक्षा सुमारे सहापट तेजस्वी दिसतो, त्याच्या झगमगाटात ती लपते. हॅलोजनखाली तर दोघांनाही लपावं लागतं.

जोडीची झाली सहाजणं

आता या लेखातला माझा सगळ्यात आवडता भाग. अरुंधती न्याय सांगतो, जे दिसलं त्याच्या शेजारी पुन्हा पाहा, आणखी बारीक काही आहे का. गेल्या चारशे वर्षांत खगोलशास्त्रज्ञांनी याच दोन ताऱ्यांवर नेमकं तेच केलं, आणि दर वेळी त्यांना आणखी काहीतरी सापडलं. पाश्चात्त्य नावांप्रमाणे वसिष्ठ म्हणजे मिझार आणि अरुंधती म्हणजे अल्कॉर.

१६१७ मध्ये बेनेदेत्तो कास्तेल्ली याने आपला गुरू गॅलिलिओ याला वसिष्ठाकडे दुर्बीण वळवायला सांगितलं. गॅलिलिओने पाहिलं, तर तो एक तारा नव्हता. दोन होते, एकमेकांपासून अवघ्या १४ विकलांवर. अरुंधती बाजूलाच राहिली, खुद्द वसिष्ठच दोन निघाला. दुर्बिणीतून दोन दिसलेल्या पहिल्या ताऱ्यांमध्ये वसिष्ठ आहे. आज सहा सेंटिमीटर भिंगाची साधी दुर्बीणही हे दृश्य दाखवते. गच्चीवर मुलांना ते दाखवताना मी मुद्दाम काही सांगत नाही. मुलगा किंवा मुलगी डोळा लावते, दोन-चार क्षण गप्प असते आणि मग ओरडते, "अजून एक आहे!" ते ओरडणं ऐकायला मी रात्ररात्र जागायला तयार आहे.

भारतातून झालेला जोडताऱ्याचा पहिला मोठा शोधही इथे सांगायलाच हवा. १६८९ मध्ये पुद्दुचेरीत जाँ रिशो नावाच्या फ्रेंच जेसुइट पाद्र्याने धूमकेतू पाहताना मित्र या ताऱ्याकडे दुर्बीण वळवली आणि तो दोन ताऱ्यांचा आहे हे ओळखलं. मेच्या मध्याला अकराच्या सुमारास हा मित्र आपल्याकडे दक्षिण क्षितिजाच्या जरा वर असतो; डोंगर आड नसला तर दिसतो. त्याच वेळी उत्तरेकडे वळलं की वसिष्ठ. एकाच रात्री, एकाच शेतात उभं राहून, मान फिरवली की दोन्ही ऐतिहासिक जोड्या पाहता येतात.

१७२२ मध्ये जर्मनीतल्या लीबक्नेख्ट या अभ्यासकाला वसिष्ठ आणि अरुंधती यांच्या मधोमध एक अंधूक ठिपका दिसला. त्याला तो नवा ग्रह वाटला आणि त्याने त्याला आपल्या राजाचं नाव देऊन टाकलं. प्रत्यक्षात तो कितीतरी मागे असलेला एक सामान्य तारा होता, तो या जोडीचा कोणीच लागत नाही. शेजारी दिसणं आणि नात्यात असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हा धडा त्या ठिपक्याने दिला. कोणते तारे नुसते एका रेषेत दिसतात आणि कोणते खरोखर एकमेकांना बांधलेले आहेत, हे विल्यम हर्शल याने १८०३ मध्ये दाखवलं. अनेक वर्षांच्या मोजमापांतून त्याला आढळलं की काही जोड्यांमधले तारे खरंच एकमेकांभोवती सरकले आहेत. न्यूटनचं गुरुत्वाकर्षण सूर्यमालेपलीकडेही चालतं, याचा तो पहिला डोळ्यांदेखतचा पुरावा.

१८५७ मध्ये हार्वर्डच्या वेधशाळेत जॉर्ज बाँड आणि त्याच्या सहकाऱ्यांनी ओल्या काचेच्या पट्टीवर वसिष्ठ आणि अरुंधती यांचा फोटो काढला. जोडताऱ्याचा हा जगातला पहिला फोटो. लग्नाच्या अल्बमची सवय असलेल्या आपल्याला हे वाचून बरं वाटावं.

मग आला वर्णपट. ताऱ्याचा प्रकाश लोलकातून नेला की इंद्रधनुष्यासारखा पट्टा पसरतो आणि त्यात काळ्या रेषा दिसतात. पांढुर्ण्याच्या स्टेशनावर न थांबणारी मेल जाते तेव्हा तिची शिटी आपल्याकडे येताना टिपेची लागते आणि पुढे निघून गेली की उतरते. प्रकाशाचंही असंच होतं. तारा आपल्याकडे येत असला की रेषा निळ्या बाजूला सरकतात, दूर जात असला की लाल बाजूला. १८८९ मध्ये हार्वर्डला एडवर्ड पिकरिंग आणि अँटोनिया मोरी यांच्या लक्षात आलं की वसिष्ठाच्या दोन भागांपैकी ठळक भागाच्या वर्णपटात रेषा कधी एकेरी दिसतात, कधी दुहेरी. म्हणजे तिथे एक तारा नाही. दोन तारे एकमेकांभोवती घिरट्या घालत आहेत, एक येतो तेव्हा दुसरा जातो. कोणत्याही दुर्बिणीला न दिसलेला तारा नुसत्या प्रकाशाच्या रेषेवरून ओळखल्याची ही पहिली वेळ. सुरुवातीचा हिशेब चुकला होता. पुढे नीट मोजल्यावर त्यांची एक फेरी साधारण साडेवीस दिवसांची भरली. बुध सूर्यापासून जितका दूर आहे त्याहूनही हे दोघं एकमेकांच्या जवळ आहेत. एक शतक उलटल्यावर, १९९० च्या दशकात, अमेरिकेतल्या ॲरिझोनामध्ये अनेक छोट्या आरशांचा प्रकाश एकत्र जुळवून अखेर त्या दोघांना वेगळं पाहता आलं.

वर्णपटाचं हे काम त्याच सुमारास पुण्यातही सुरू झालं होतं. कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी १८८८ मध्ये भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयात महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा उभी केली. १८९८ च्या खग्रास सूर्यग्रहणात सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरला जाऊन त्यांनी सूर्याच्या वर्णपटाचे वेध घेतले. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी सामान्य वाचकासाठी 'ज्योतिर्विलास अथवा रात्रीची दोन घटका मौज' लिहिलं तेही त्याच काळात. मराठी माणसाला तारे मराठीतून कळावेत, ही त्यांची तळमळ आजही कमी पडता कामा नये.

१९०८ मध्ये वसिष्ठाचा दुसरा, फिका भागही दुहेरी असल्याचं उघड झालं; त्यातल्या जोडीची फेरी सुमारे १७५ दिवसांची. म्हणजे एकट्या वसिष्ठात चार तारे. आणि अरुंधती? ती शंभर वर्षं एकटीच मानली गेली. २००९ मध्ये एरिक मामाजेक आणि इतर संशोधकांनी ताऱ्याचा झगमगाट झाकणारी उपकरणं वापरून तिच्याकडे पाहिलं, तर तिच्या उजेडात एक लहानसा तांबूस तारा लपलेला सापडला. त्याचं वस्तुमान सूर्याच्या साधारण पाव आहे. इतके दिवस वसिष्ठाच्या झगमगाटात अरुंधती लपायची. आता तिच्या झगमगाटात कोणी लपलं होतं. चार अधिक दोन, एकूण सहा.

हे सहाजण आपल्यापासून सुमारे ८३ प्रकाशवर्षं दूर आहेत. आज रात्री जो प्रकाश आपल्या डोळ्यांत शिरतो तो आपले आजे-पणजे तरणेताठे होते तेव्हा तिथून निघाला. वसिष्ठ आणि अरुंधती यांच्यामधलं अंतर पृथ्वी-सूर्य अंतराच्या ७४,००० पटींच्या घरात असावं, म्हणजे एखाद्या प्रकाशवर्षाएवढं. आणखी एक गोष्ट: सप्तर्षींपैकी पुलह, पुलस्त्य, अत्री, अंगिरा आणि वसिष्ठ हे पाचजण अरुंधतीला सोबत घेऊन एकाच दिशेने, एकाच वेगाने चालले आहेत. हे सगळे एका वायुमेघातून जन्मलेले भाऊबंद. टोकाचे दोघं, क्रतू आणि मरीची, निराळ्या वाटेने जातात. बाजल्याचा एक खूर आणि शेवटचा चोर परके आहेत, एवढंच आजाला सांगायचं राहून गेलं.

खोट्या मोठेपणाची गरज नाही

लग्नसराई आली की मोबाइलवर एक मजकूर फिरतो. त्यात म्हटलेलं असतं की इतर जोड्यांमध्ये एक तारा स्थिर असतो आणि दुसरा त्याच्याभोवती फिरतो. फक्त वसिष्ठ आणि अरुंधती एकमेकांभोवती फिरतात, आणि हे आपल्या पूर्वजांना ठाऊक होतं म्हणून त्यांनी लग्नात अरुंधती दाखवायची प्रथा घातली. मजकूर गोड आहे, पण खरा नाही. कोणत्याही जोडीत दोन्ही तारे मधल्या एका समान बिंदूभोवती फिरतात. तराजूच्या काट्यासारखा तो बिंदू जड ताऱ्याकडे झुकलेला असतो, इतकंच. त्यात या जोडीचं वेगळेपण काही नाही. शिवाय वसिष्ठ आणि अरुंधती यांची एक फेरी पुरी व्हायला लाखो वर्षं लागतील. ती माणसाच्या कोणत्याही पिढीने पाहिलेली नाही आणि पाहणार नाही.

भीष्मपर्वात युद्धाआधीचे अपशकुन सांगताना व्यास म्हणतात की अरुंधतीने वसिष्ठाला मागे टाकलं आहे. त्यावरून युद्धाचा काळ काढायचे प्रयत्न झाले. पण त्याच यादीत गाईंच्या पोटी गाढवं जन्मल्याचंही म्हटलं आहे. अशा यादीतल्या एका ओळीवर कालगणनेचा भार पेलत नाही. ती ओळ एवढं नक्की सांगते की या दोघांपैकी पुढे कोण आणि मागे कोण, हे त्या काळी लोक पाहत होते.

माझ्या लेखी पूर्वजांचा मोठेपणा इथेच आहे. दुर्बीण नव्हती, लोलक नव्हता. होते ते डोळे आणि चिकाटी. एवढ्या भांडवलावर त्यांनी एक अवघड चांदणी हेरली, तिला नाव दिलं, तिची गोष्ट रचली आणि ती दाखवायची शिस्तशीर पद्धत घालून दिली. त्यावर खोटा मुलामा चढवला की खऱ्या सोन्याचीच किंमत कमी होते.

तिथलं आभाळ

मुलं एक प्रश्न हमखास विचारतात: तिथे गेलं तर कसं दिसेल? दोन सूर्य असतील? दोन सावल्या पडतील?

दोन सूर्यांची जगं आता नुसती सिनेमात राहिलेली नाहीत. १९७७ च्या 'स्टार वॉर्स'मधला टॅटूइन ग्रहावरचा दोन सूर्यांचा मावळता देखावा पडद्यावर गाजला, आणि २०११ मध्ये केप्लर दुर्बिणीने खरोखर तसा ग्रह दाखवला. केप्लर-१६ नावाच्या जोडीतले दोन तारे ४१ दिवसांत एकमेकांभोवती फिरतात आणि त्या दोघांनाही बाहेरून वळसा घालणारा ग्रह २२९ दिवसांत एक फेरी घेतो. सूर्यासारख्या ताऱ्यांपैकी निम्म्याच्या आसपास ताऱ्यांना जोडीदार असतो. आपला एकटा सूर्य त्या मानाने एकलकोंडाच.

अरुंधतीभोवती एखादा ग्रह आहे असं समजू. तसा कोणताही ग्रह अजून सापडलेला नाही, ही नुसती कल्पना. दिवसा तिथे अरुंधती हाच सूर्य असेल, पांढराशुभ्र. शेजारी तो तांबूस जोडीदार, अगदी मंद. रात्र पडली की वसिष्ठाचे चार तारे एका भल्या मोठ्या चांदणीसारखे दिसतील, आपल्या शुक्रापेक्षाही ठळक. तिथल्या लेकरांना ती चांदणी शोधायला कोणाचं बोट लागणार नाही. त्यांचे म्हातारेकोतारे तिच्यावर काय गोष्ट रचतील, कोण जाणे. त्यांच्या आभाळात आपला सूर्यही असेल, पण इतका फिका की साध्या डोळ्यांना दिसणार नाही. तो पाहायला त्यांना दुर्बीण लागेल.

पाहायचं कसं

एप्रिल ते जूनचा पहिला आठवडा, पाऊस लागायच्या आत. गावाचे दिवे पाठीमागे टाकून संत्र्याच्या बागेपलीकडे किंवा शेताच्या बांधावर जा. मोबाइल खिशात ठेवा आणि वीस मिनिटं अंधारात नुसते थांबा. डोळ्याला अंधाराची सवय व्हायला तेवढा वेळ लागतोच. उत्तरेकडे तोंड करा. रात्री नऊ-दहाला बाजलं उंचावर दिसेल. चार खूर, मग तीन चोर. मधल्या चोरावर नजर बसवा. मग थोडी बाजूला न्या, कारण डोळ्याची कड अंधूक उजेडाला जास्त जागी असते. शेजारची ठिणगी दिसली की समजा, तुम्ही लग्नात अरुंधती पाहायला सांगणाऱ्या गृह्यसूत्रकारांच्या, आजाच्या आणि गॅलिलिओच्या रांगेत उभे आहात. दुर्बीण असली तर पुढचं दारही उघडेल.

गृह्यसूत्रांवरून लग्नातली एक जुनी रीत आठवते. आश्वलायन गृह्यसूत्रात सांगितलं आहे की लग्नाच्या रात्री नवरीने मौन धरावं. ध्रुव, अरुंधती आणि सप्तर्षी पाहिल्यावरच ते सोडावं. मौनाचा भार एकट्या नवरीवर का, हा प्रश्न आज विचारायलाच हवा. पण त्यातला क्रम मला फार मोलाचा वाटतो. आधी पाहायचं, मग बोलायचं. "दिसली" हा शब्द पाहण्याच्या आधी उच्चारायचा नाही.

त्या मेमधल्या रात्री पाठवणीला अजून वेळ होता. पंगती उठल्या, जनरेटर बंद झाला आणि गावावर एकदम अंधार उतरला. मी पुतणीला आणि जावयाला गोठ्यामागच्या मोकळ्या अंगणात नेलं. दोघांनाही काही सांगितलं नाही, नुसतं थांबवलं. मग बाजलं दाखवलं, चोर दाखवले, मधला दाखवला. पाच-सात मिनिटं गेली. गोठ्यात बैल रवंथ करत होते. जावयाला आधी दिसली. पुतणीने तिचा चष्मा पदराने पुसला, पुन्हा घातला आणि मान वर करून कितीतरी वेळ उभी राहिली.

मग ती हळूच म्हणाली, "काका, मगाशी मी खोटंच बोलली होती. आता दिसली."